दोनशे चौदावा गेम

१

रविवारी दुपारी जेवणं उरकली की मी आणि बाबा टीव्हीसमोर बसतो आणि मी त्यांची परीक्षा घेते. माझा धंदाच तो आहे. आठवड्याचे सहा दिवस मी चष्म्याच्या दुकानात लोकांना एक डोळा झाकायला लावते आणि म्हणते, वरची ओळ वाचा, आता त्याखालची. सातव्या दिवशी घरी बाबांना म्हणते, हा कुठला गेम, सांगा बघू.

बाबांनी चाळीस वर्षं लिफ्ट दुरुस्त केल्या. निवृत्त झाल्यावर बाकीचे लोक फिरायला जातात, बाबांनी व्हिडिओ गेमचं खूळ डोक्यात घेतलं. दिसला गेम की घे, असं करत टीव्हीवरच्या लायब्ररीत साडेतीनशेच्या आसपास गेम जमले. त्यातले निम्मे त्यांनी उघडूनही पाहिले नव्हते. मग त्यांची आठवण झिजायला लागली आणि ती चित्रांची भलीमोठी भिंत समोर आली की ते कंट्रोलर हातात घेऊन नुसते बसून राहायचे. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "त्यांच्यासमोर पसारा ठेवू नका. ओळखतात तेवढंच दिसू दे. नाहीतर माणूस आधी गोंधळतो, मग घाबरतो."

तेव्हापासून मी एकेका चित्रावर थांबते. बाबा म्हणतात, "हा बेडकाचा," "हा होडीवाला," "हा तो, ज्यात नुसतं चालत राहायचं." जो ओळखला तो राहतो. जो तीन रविवार ओळखता आला नाही, तो मी लपवते. लपवलेला गेम कुठे जात नाही, पुसलाही जात नाही. फक्त भिंतीवरून उतरतो. 'लपवलेलेही दाखवा' अशी एक खूण आहे, ती केली की सगळे पुन्हा दिसतात, करड्या रंगात. मी ती खूण कधी करत नसे. उगाच कशाला जखमेवरची खपली काढा.

लपवलेल्या प्रत्येक गेमचं नाव मी एका वहीत लिहिते. वही आमच्या दोघांच्या मध्ये, सोफ्याच्या मधल्या गादीवर असते. बाबा डाव्या टोकाला, मी उजव्या टोकाला. मधली गादी आमच्या दोघांच्या गाद्यांइतकीच खचलेली आहे, म्हणून वही नेहमी घसरून खड्ड्यात जाते.

मला खरी धास्ती एकाच गोष्टीची होती. एक दिवस असा येईल, की बाबा माझ्याकडे त्या चित्रांकडे बघतात तसे बघतील. पण अजून ते मला 'ठमे' म्हणत होते. ठमे, चहा कर. ठमे, पंखा कमी कर. तेवढ्यावर माझा आठवडा निघायचा.

२

चूक अगदी साधी झाली. एका रविवारी माझं बोट घसरलं आणि होडीवाला गेम लपवला गेला. तो बाबांचा जीव की प्राण. तेवढ्यात दुकानातून फोन आला, कुणाचा तरी चष्मा बोलताबोलता दुभंगला होता, आणि ते निस्तरण्याच्या नादात होडी परत बाहेर काढायची राहून गेली.

मंगळवारी संध्याकाळी मी बाबांना विचारलं, "आज होडी कुठवर नेलीत?"

"कसली होडी?"

"तुमची. निळ्या शिडाची."

ते माझ्याकडे सौजन्याने बघत राहिले. "मला पाण्याची आवड नाही गं," ते म्हणाले. आई आणि ते लग्नानंतर होडीतून गेले होते, आईची चप्पल पाण्यात पडली होती, आणि ती आणायला बाबांनी कपड्यांसकट उडी मारली होती. आई गेल्याला कितीतरी वर्षं झाली, पण ही गोष्ट बाबा महिन्यातून दोनदा तरी सांगायचे. मी चपलेचं विचारलं. चप्पलही गेली होती.

मी घाईघाईने होडी बाहेर काढली. बुधवारी सकाळी तोंड धुता धुता बाबा म्हणाले, "आज वारा पडलाय. शीड फुगायचं नाही." आणि दाढी करताना चपलेची गोष्ट पहिल्यापासून शेवटपर्यंत सांगितली.

मी नाकासमोर बघणारी बाई आहे. मी स्वतःला समजावलं, की यात काय मोठंसं? रोज चित्र दिसतं म्हणून रोज आठवतं. चित्र उतरलं की आठवण उतरते. त्यांचा आजारच असा चढउताराचा. तरीही पुढच्या रविवारी मी एक गोष्ट केली, जी सांगताना मला लाज वाटते. मी बेडकाचा गेम मुद्दाम लपवला. बेडूक गेला तरी फारसं बिघडणार नाही, असा हिशेब करून. सोमवारी दुपारी मावशींचा, म्हणजे दिवसभर बाबांजवळ असणाऱ्या बाईंचा, दुकानात फोन आला. "ताई, साहेब गॅलरीतल्या कुंडीकडे बघून विचारतायत, ही कुणी आणून ठेवली?" ती कुंडी बाबांनी स्वतः आणली होती. ज्या दिवशी बेडकाचा गेम घेतला, त्याच दिवशी.

त्या रात्री अंथरुणावर पडल्यावर मला उमगलं, की मी दोनअडीच वर्षं दर रविवारी काय करत आले होते. बाबा विसरत होते म्हणून मी लपवत होते, असं मी समजत होते. खरं उलटंच होतं. मी लपवत होते म्हणून बाबा विसरत होते.

३

पुढच्या रविवारी सगळं बाहेर काढायचं ठरवलं. बाबा जेवून आत झोपले होते. पडदे ओढलेले होते, खोलीत सायीसारखा पिवळट उजेड होता, आणि आमच्या इमारतीची लिफ्ट एकदा वर, एकदा खाली, अशी सावकाश जात होती. मी 'लपवलेलेही दाखवा'वर खूण केली. भिंत करड्या चित्रांनी भरून गेली.

वहीत दोनशे तेरा नावं होती. टीव्हीवर आकडा होता दोनशे चौदा.

मी दुकानात काचांचे नंबर चुकवत नाही, तेव्हा इथे चुकले असेन असं मला वाटलं नाही. तरी दोनदा जुळवून पाहिलं. एकेक गेम बाहेर काढत गेले, वहीतल्या नावावर बरोबरची खूण करत गेले, आणि शेवटी एकच उरला. त्याच्यावर चित्र नव्हतं, नुसता करडा चौकोन. तो एका वेगळ्या कप्प्यात होता. कप्प्यांना नावं देण्याची बाबांची तऱ्हा होती, 'रोजचे', 'चालत जायचे', 'वैताग आणणारे'. या कप्प्याचं नाव होतं 'पाटी लावलेले'. आत एवढा एकच. लपवल्याची तारीख चार वर्षांपूर्वीची, म्हणजे आमच्या परीक्षा सुरू होण्याच्याही आधीची.

गेमचं नाव होतं 'वरचं घर'. खेळलेले तास सहाशेच्या वर. खाली खेळणाऱ्यांची नावं होती. बाबा. ठमी. आणि तिसरं एक नाव.

ते तिसरं नाव मी वाचलं. वाचून नजर खाली आणली आणि लक्षात आलं, की मी काय वाचलं ते मला सांगता येत नाही. पुन्हा वाचलं. पुन्हा तसंच. अक्षरं स्वच्छ होती, पुसट नव्हती, हे मी शपथेवर सांगते.

माणसाच्या प्रत्येक डोळ्याच्या मागे एक बारीक जागा असते, जिथे काहीच दिसत नाही. एक डोळा झाका, समोर नजर धरून बोट हळूहळू बाहेरच्या बाजूला न्या, एका ठिकाणी बोटाचं टोक नाहीसं होतं. पण तिथे भोक दिसत नाही. मेंदू आजूबाजूच्या भिंतीचा रंग त्या जागेवर फासून टाकतो आणि माणूस आयुष्यभर सुखाने बघत राहतो. दुकानात हे सांगितलं की गिऱ्हाइकं हसतात आणि करून बघतात. मी त्या नावाकडे बघत होते आणि मला प्रथमच ते हसण्यासारखं वाटलं नाही.

नावांच्या खाली एक हिरवा ठिपका होता. त्याच्यापुढे लिहिलं होतं, 'खेळ चालू आहे'.

बाबा आत घोरत होते. त्यांचा कंट्रोलर सोफ्यावर होता, माझा माझ्या हातात. मी टीव्ही बंद केला आणि बराच वेळ लिफ्टचा आवाज ऐकत बसले.

४

त्यानंतरचे दोन दिवस मी घरात नव्या भाडेकरूसारखी वावरले. आमच्याकडे कंट्रोलर तीन आहेत. तिसरा मी दर रविवारी चार्जिंगला लावते. का लावते, असा प्रश्न मला कधी पडला नव्हता. जास्तीचा असावा घरात, बस्स. दाराजवळ छत्र्यांना खुंट्या तीन. बाथरूममध्ये ब्रशच्या पेल्याला भोकं चार, आणि त्यातल्या तिसऱ्या भोकात कधीच पाणी साचत नाही, कारण ते मी रोज पुसते.

आणि पॅसेज. बाथरूम आणि माझी खोली यांच्यामध्ये पॅसेजची भिंत आहे, तिच्यावर बाबांची कामावरची पत्र्याची पाटी टांगलेली आहे. 'काम चालू आहे. पाटी काढू नये.' निवृत्तीची आठवण म्हणून गमतीने लावलेली, अशी माझी समजूत. त्या भिंतीवरून मी रोज वीस वेळा जाते. पाटीच्या मागे भिंतच आहे. मी पाहिली आहे.

मंगळवारी सकाळी दुकानात निघताना मी मावशींना सहज विचारलं, "मावशी, आपल्या घरात खोल्या किती?"

मावशी केर काढत होत्या. त्यांनी माझ्याकडे पाहिलं नाही. "पहिल्या दिवशी मी तुम्हाला विचारलं होतं, ताई. म्हटलं, पाटीच्या खोलीतला केर काढायचा का. तुम्ही म्हणालात, कुठली खोली. म्हटलं, मोठ्या घरात कायकाय असतं. आपल्याला काय करायचंय."

"मग आता केर कोण काढतं तिथला?"

"दाराखालून धूळ येत नाही कधी," मावशी म्हणाल्या आणि केरसुणी उंबऱ्याकडे वळवली.

त्या संध्याकाळी बाबांचा दिवस चांगला होता. होडी परत आलेली, बेडूक परत आलेला, जुने सगळे गेम भिंतीवर, आणि बाबा राजासारखे बसलेले. मी त्यांना तो करडा चौकोन दाखवला. "बाबा, हा तुम्ही लपवलात?"

त्यांनी कप्प्याचं नाव वाचलं आणि पाठ ताठ केली. "पाटी आहे त्याच्यावर."

"हो. तुमचीच आहे."

"मग मीच काढायची. दुसऱ्या कुणी हात लावायचा नाही. हा नियम आहे, ठमे. लिफ्टच्या कामात ज्याने पाटी लावली त्यानेच ती काढायची. साहेब येवो, मालक येवो."

"मग काढा ना तुम्ही."

त्यांनी अंगठा बटणावर नेला. तो तिथेच राहिला. बाबांच्या चेहऱ्यावर ती जुनी, काहीतरी शोधणारी सुरकुती आली. "का लावली होती गं?"

"ते तर मी तुम्हाला विचारतेय."

"का लावली ते आठवल्याशिवाय काढायची नसते." त्यांनी कंट्रोलर हळूच गादीवर ठेवला. "आत माणूस असतो, ठमे. आपण वरून बघतो, सगळं शांत दिसतं. पण आत कुणीतरी असतं."

५

गुरुवारी सकाळी मी बाबांच्या खोलीत चहा घेऊन गेले, तर ते उठून अंथरुणावर बसले होते. मला बघून त्यांनी पांघरूण सारखं केलं, परक्या बाईसमोर करावं तसं.

"या," ते म्हणाले. "तुम्ही चष्म्याच्या दुकानातल्या ना?"

हा दिवस येणार हे मला माहीत होतं. कित्येक रविवार मी त्याची तयारी केली होती, शांत राहायचं, नाव सांगायचं, हसायचं. त्यातलं काहीएक मला जमलं नाही. मी चहा ठेवला आणि बाथरूममध्ये जाऊन नळ सोडून रडले.

दुकानात कळवून मी घरीच राहिले. बाबांना होडी आठवत होती. आईची चप्पल आठवत होती. मावशींना त्यांनी नावाने हाक मारली. सगळं परत आलं होतं आणि त्यात मी नव्हते. दुपारी ते झोपल्यावर मी एकेका गेमचं पान उघडून खेळणाऱ्यांची नावं वाचत गेले. 'बाबा'. 'बाबा'. 'बाबा आणि पाहुणा'. मी त्यांच्यासोबत कितीतरी गेम खेळले होते, पण आळसाने कधी स्वतःचं नाव घातलं नव्हतं, पाहुणा म्हणूनच शिरत गेले. साडेतीनशे गेममध्ये माझं नाव एकाच ठिकाणी होतं, त्या करड्या चौकोनात.

आता मला कळलं ते असं. पाटी लावणाऱ्याला आपण काय झाकलंय हे ठाऊक असतं, तोवर झाकलेलंही त्याच्यापाशी राहतं. बाबांना आपण पाटी का लावली हे आठवत होतं, तोवर मी त्यांच्यापाशी होते. मंगळवारी मी विचारलं, त्यांनी शोधलं, आणि तिथे काही सापडलं नाही.

शहाण्या माणसाने यातलं काही मानू नये. मी स्वतःला तसं सांगितलंही. वयाची सत्तरी, आजाराची चौथी पायरी, असा दिवस येणार हे डॉक्टरीणबाईंनी आधीच बजावलेलं. मी मान डोलावली, आणि अंगठा मात्र बटणावर होता. मला माझे बाबा परत हवे होते. पाटी माझी नव्हती, नियम मला ठाऊक होता, आणि मी ती काढली.

६

करड्या चौकोनात रंग भरले. एका घराचं चित्र आलं, गच्चीवर तीन खुर्च्या.

आतून पावलं वाजली. बाबा दारात उभे होते, केस विस्कटलेले, डोळ्यांत झोप. "ठमे," ते म्हणाले, "मला न उठवता सुरू केलंस होय?"

मला इतका आनंद झाला, की काही सुचेना. मी त्यांचा हात धरून त्यांना त्यांच्या जागेवर बसवलं. "बाबा, मी कोण?" मी पुन्हा पुन्हा विचारत होते आणि ते चिडून म्हणत होते, "ठमी. दुसरं कोण असणार? दुकानात काचा मोजून मोजून तुझं डोकं फिरलंय." मी हसत होते. त्या दुपारी घर उबदार होतं, पडद्यांतून तोच पिवळट उजेड येत होता, आणि मला वाटलं, एवढंच तर हवं होतं.

गेम उघडला. टीव्हीवर आमचाच पॅसेज होता. खेळण्यातला, चौकोनी, पण आमचाच. बाथरूमचं दार, माझ्या खोलीचं दार, आणि दोन्हींच्या मध्ये तिसरं दार. पडद्यावर अक्षरं आली, 'तिघं जमल्यावर सुरू होईल'.

बाबांचा हात नकळत चार्जिंगच्या जागेकडे गेला. त्यांनी तिसरा कंट्रोलर उचलला, बाहीने पुसला, आणि आमच्या मध्ये ठेवला. मग त्यांचं हसू थांबलं. ते पडद्याकडे बघत होते आणि त्यांना आठवत होतं. मी बाजूला बसून ते आठवताना बघत होते.

"पाटी तू काढलीस?"

"हो. तुम्ही मला ओळखत नव्हतात, बाबा. मी काय करणार होते?"

त्यांनी माझा हात दोन्ही हातांत घेतला. त्यांचे हात अजून कामगाराचे आहेत, जाड आणि कोरडे. "धाकटी, तुझी बहीण, गेली तेव्हा तुला अन्न जाईना," ते हळू म्हणाले. "सव्वा महिना. तिच्यापाठोपाठ तुलाही घालवतो की काय, असं मला झालं. सोबतीला तुझी आई तरी कुठे होती तेव्हा. मग एका दुपारी तूच म्हणालीस. बाबा, हे माझ्या डोळ्यांसमोरून काढा. तिचं काहीच मला दिसायला नको. मी म्हटलं, ठमे, नीट विचार कर. तू म्हणालीस, काढा. मग मी पाटी लावली, तिच्या दारावर आणि आपल्या तिघांच्या या गेमवर."

"धाकटी," मी म्हणाले. शब्द तोंडात ओळखीचा लागला.

"लावली त्या दिवशीच मला कळलं होतं, की आत कोणीतरी राहिलंय. पण तू जेवायला लागली होतीस."

पॅसेजमध्ये काहीतरी पडलं. पत्र्याचा आवाज, आधी मोठा, मग फरशीवर गोल गोल फिरत बारीक होत गेलेला. आमच्या जागेवरून पॅसेजचा अर्धाच भाग दिसतो. तिथल्या फरशीवर उजेडाची एक पट्टी पडली होती, दाराच्या फटीएवढी. मी बघत असताना ती हाताएवढी रुंद झाली. मग दाराएवढी.

मला भीती वाटत होती. ती मी नाकारत नाही. आणि तिच्याखाली, चार वर्षांच्या तळातून, दुसरंही काहीतरी वर येत होतं, आणि ते भीतीहून मोठं होतं. पावलं अनवाणी होती. डावं पाऊल किंचित जास्त वाजत होतं. कोण तसं चालायचं ते मला आता ठाऊक होतं.

तिसऱ्या कंट्रोलरचा दिवा लागला.

मी मान वळवली नाही. बाबांनीही वळवली नाही. त्यांनी फक्त पाय जवळ घेतले, येणाऱ्याला जायला वाट व्हावी म्हणून. आणि मी वाकून मधल्या गादीवरची वही उचलली आणि मांडीवर घेतली.